तारामतीबाईंचा नैसर्गिक लॉग

गणित शिकवणारं माणूस म्हणजे कपाळाला आठ्या आणि हातात छडी, असा आपल्याकडचा रिवाज. तारामती सोनकांबळे त्या रिवाजात कुठंच बसत नव्हती. लातूरच्या एका शाळेत ती गणित शिकवायची आणि शिकवताना एवढी हसायची, की शेजारच्या वर्गावरच्या मास्तरांना वाटायचं, इथं नक्कीच कुणाची तरी टिंगल चाललीय. टिंगल नव्हती हो. बाईला आकड्यांचा आनंदच तेवढा व्हायचा. उत्तर बरोबर आलं तरी हसायची, चुकलं तरी हसायची. फक्त एका चुकीला तिच्याकडं माफी नव्हती. ती कोणती ते येईलच पुढं.

तिची एक खोड सगळ्या लातूरला माहीत होती. एसटीत बसली की तिकिटावरचा आकडा बघायचा आणि फोडायचा. फोडायचा म्हणजे कशाकशाच्या गुणाकारानं तो झालाय ते काढायचं आणि मग मनातल्या मनात त्याचा लॉग सांगायचा. तोही दहाच्या पायाचा साधा लॉग नव्हे, नैसर्गिक लॉग. दोन, तीन, पाच आणि सात एवढ्या चौघांचे लॉग तिला आपल्या सख्ख्या भावंडांच्या नावांसारखे पाठ होते. गुणाकार असला की लॉगांची बेरीज करायची, झालं. हजार पन्नास दिसले? दोन, तीन, दोनदा पाच आणि सात. बेरीज करा, सहा पॉइंट नऊ पाच सात. कंडक्टर सुट्टे पैसे मोजेपर्यंत बाईचं काम संपलेलं.

"अन् अकरा आला तर? तो तर फुटत न्हाई," असं एकदा वर्गातल्या एका पोरीनं विचारलं. बाईचा चेहरा असा खुलला, की जणू माहेरचं माणूस दारात आलं. म्हणाली, "अकरा आडमुठा आहे खरा, पण त्याचा वर्ग घे. एकशे एकवीस. शेजारी कोण राहतं? एकशे वीस. तो कसा झकास फुटतो बघ! दोघांत फरक एकशेविसाव्या हिश्श्याचा. आणि नैसर्गिक लॉगची हीच तर गंमत आहे बाई, वाढ अगदी लहान असली की तिचा लॉग म्हणजे जवळपास ती वाढच. म्हणून एकशेविसाच्या लॉगमध्ये एकशेविसावा हिस्सा मिळव आणि निम्मं कर. आला अकराचा." पोरींनी करून पाहिलं. पुस्तकातल्या नैसर्गिक लॉगशी ताडलं, तर चौथ्या घरापर्यंत तंतोतंत. सगळा वर्ग टाळ्या वाजवायला लागला, आणि शेजारचे मास्तर पुन्हा दारात येऊन उभे राहिले.

हे वेड तिला लागलं नांदेडला. कॉलेजात असताना दहाचा लॉग तिला चटकन कळला. माणसाला दहा बोटं, म्हणून दहा. पण पुस्तकात पुढं हा दुसरा लॉग निघाला, ज्याच्या पायाशी दोन पॉइंट सात एक आठ असलं काहीतरी विचित्र. हा कुणाच्या बोटांवर मोजलेला? आणि वर नाव काय, तर नैसर्गिक! तिनं सरळ सौदामिनी मॅडमना गाठलं. गणिताच्या या मॅडम मोठ्या कडक, पण प्रश्न विचारणाऱ्या पोरीवर जीव टाकणाऱ्या. त्यांनी तिच्यासमोर चहाचा कप ठेवला आणि प्रयोगशाळेतला थर्मामीटर दिला. म्हणाल्या, "पिऊ नकोस. बघत बस."

बघत बसली. कढत चहा आधी भराभरा निवतो, कोमट झाला की रेंगाळतो. खोलीपेक्षा जेवढा जास्त गरम, तेवढा निवायचा वेग जास्त. ती जास्तीची ऊब निम्मी व्हायला जेवढा वेळ लागला, तेवढाच वेळ निम्म्याची निम्मी व्हायला लागला. तिथं मॅडम म्हणाल्या, "दहाचा लॉग विचारतो, दहानं किती वेळा गुणलं. ती आपली सोय. नैसर्गिक लॉग विचारतो, वस्तू आपल्या अंगच्या वेगानं चालली तर तिला किती वेळ लागला. निम्मं होण्याची त्याच्याकडं किंमत पॉइंट सहा नऊ तीन. चहा असो की आणखी काही." तारामती त्या दिवशी थंडगार चहा प्यायली आणि हॉस्टेलवर नाचत गेली. लॉग म्हणजे वेळ! एवढं सरळ कुणी आधी का सांगितलं नाही, म्हणून तिला रागही आला थोडा.

पुढं ती लातूरला नोकरीला लागली, आणि ब्याऐंशी साली लातूर जिल्हा झाला. काय तो थाट! लोक पत्रावर उस्मानाबाद लिहून मुद्दाम खोडायचे आणि वर लातूर लिहायचे, नुसतं ते खोडण्याचं सुख मिळावं म्हणून. भाड्याच्या खोल्यांतून नवी ऑफिसं निघाली. खुर्च्या आल्या तर टेबलं नाहीत, टेबलं आली तर पंखे नाहीत. आणि नेमका त्याच वर्षी पावसानं हात आखडता घेतला. पुढचा उन्हाळा आला तो तोंडचं पाणी पळवणारा.

तारामतीचं गाव करंजतळं, जळकोटच्या पलीकडं. नावात तळं, पण गावात टिपूस नाही. गावातली जुनी विहीर खडखडीत कोरडी पडली होती. पाणी होतं ते एकाच ठिकाणी, बौद्धवाड्याच्या विहिरीत. बाहत्तरच्या दुष्काळात वाड्यातल्याच बाया-माणसांनी ती खणली होती. तारामतीची माय पारूबाई तिथं टोपल्यांनी मुरूम वर आणत होती, आणि परकरातली तारामती काठावर उभी राहून टोपली धरत होती.

नव्या जिल्ह्यात नळयोजना आली. अट एकच: ज्या विहिरीला पाणी पुरेसं आहे हे चाचणीनं ठरेल, तिच्यातून गावभर नळ. गाव नापास झालं तर योजना पुढच्या गावाला. म्हणजे करंजतळ्याला नळ मिळणार तर तो बौद्धवाड्याच्या विहिरीतून, नाहीतर मिळणारच नाही. सरपंच नागप्पा हे ऐकून म्हणाले, "पाण्याला काय जात असती व्हय? लावा चाचणी." गावातल्या दोघाचौघांनी नाकं मुरडली. पण घसा कोरडा पडला की मुरडलेलं नाक फार वेळ तसं राहत नाही.

चाचणी घ्यायला आले मार्तंड औसेकर, कोवळे इंजिनियर, नोकरीला वर्ष झालं नव्हतं. सोबत हिशेबनीस नाही, मोजायला माणूस नाही. तारामती उन्हाळ्याच्या सुटीत गावीच आहे असं कळल्यावर त्यांनी हातच जोडले. "बाई, पाणी मी मोजतो, गणित तुम्ही करा. पद्धत सोपी आहे. विहीर उपसायची, मग ती किती वेगानं भरते ते बघायचं. जितकी रिकामी, तितक्या जोरानं झरे धावतात, आणि भरत आली की सुस्तावतात."

तारामती खुदकन हसली. "म्हणजे चहाच की, उलटा धरलेला." औसेकर साहेबांना काही कळलं नाही, पण ते नवीन होते, म्हणून मान डोलावली.

विहीर उपसायची म्हटल्यावर वाड्यात हलकल्लोळ झाला. भर दुष्काळात पाणी उपसून टाकायचं? पारूबाई कंबर कसूनच पुढं आली. "डोस्कं फिरलंय का तुमचं सायेब? लेकराच्या तोंडातला घास काढून मातीत टाकताय!" तारामती म्हणाली, "माय, टाकायचं कशाला? भरून घ्या की." आणि मग जे झालं त्याला चाचणी म्हणावं की जत्रा, तुम्हीच ठरवा. सकाळी डिझेल इंजिन धडधडलं आणि पाइपातून पाण्याचा लोट सुटला. हंडे, घागरी, पिंपं, रांजण, पातेली, एकीनं तर पाळणा सोडून त्याची गोधडी भिजवायला आणली. वर्षभर पाण्याला मुकलेल्या म्हशी मधोमध जाऊन बसल्या, त्या हलेनात. पारूबाईनं सगळ्यांना हाताला धरून रांगेत उभं केलं आणि शेवटी स्वतःच लोटाखाली उभी राहिली, लुगड्यासकट. "लई दिसांनी, माय गं!" म्हणून अशी काय हसली, की इंजिनाचा आवाज कमी पडला.

पाणी खोल गेलं. इंजिन थांबवलं. साहेबांनी गाठी मारलेला दोर सोडला आणि बघत बसले. दुपार कलेपर्यंत रिकामी झालेली जागा बरोबर निम्मी भरून आली होती. दोर दोनदा सोडून पाहिला, तेच.

आता गणित. खरं तर इथं तारामतीला कागदाचीसुद्धा गरज नव्हती. निम्म्याची किंमत तिला झोपेत विचारली असती तरी तिनं सांगितली असती. पण तिच्या मनात एक वेगळीच धास्ती शिरली. विहीर आपल्या वाड्याची. ती खणणारी आपली माय. उद्या कुणी म्हणालं, की बाईनं आपल्या लोकांसाठी मनानंच आकडे लावले, तर? म्हणून तिनं ठरवलं, पाठांतराला हात लावायचा नाही. छापील लॉगटेबल घ्यायचं, आकडा त्यात बघायचा, चार घरांपर्यंत, ओळीला बोट लावून, सगळ्यांसमोर. तिनं तसंच केलं. लिंबाखाली बसली, पुस्तिका उघडली, दोनाच्या ओळीवर बोट ठेवलं, आकडा उतरवला, गुणाकार केला, भागाकार केला. पुन्हा तपासला. गुणाकार बरोबर. भागाकार बरोबर. उत्तर मात्र असं, की गावाची निम्मीसुद्धा गरज भागत नव्हती.

 तिनं तिसऱ्यांदा तपासलं. तेच. औसेकर साहेबांनी कागद पाहिला, नीटनेटकं अक्षर पाहिलं, आणि तेही खिन्न झाले. उत्तर झाकून ठेवण्यातली तारामती नव्हती. ती उठली आणि वाड्यासमोर सांगून टाकलं, "विहीर कमी पडते. योजनेत बसत नाही."

कुणी रागावलं नाही, तेच जास्त लागलं. सकाळी नाचणारं माणूस न् माणूस आपापल्या दाराकडं वळलं. नागप्पा मात्र थांबले. त्यांनी विचारलं, "बरं पोरी, एवढं तरी सांग. उद्या सकाळी पाणी कुठवर येईल? तसा निरोप देतो, बाया उगी खेटे घालणार न्हाईत." तारामतीनं त्याच आकड्यावरून हिशेब केला आणि उतरून विहिरीच्या दगडावर चुन्याची एक रेघ ओढली. "इथवर. याच्या वर नाही." घरी आल्यावर पारूबाईनं तिला जेवायला वाढलं. "तू खोटं न्हाई बोललीस, तेच बरं झालं," एवढंच म्हणाली.  इतकी वर्षं ज्या आकड्यांवर जीव लावला, त्यांनीच आपल्या मायच्या विहिरीला कमी ठरवावं, याचं तिला मनापासून वाईट वाटलं आणि ती चक्क रडली.

सकाळी आरडाओरड ऐकूनच ती जागी झाली. पारूबाई विहिरीवरून ओरडत होती. "तारेऽऽ! तुझी रेघ बुडाली गं! सापडंना रेघ!"

तारामती केस न विंचरता धावली. वाकून पाहिलं. पाणी थेट वर आलं होतं, जुन्या पातळीला जवळजवळ टेकलेलं. चुन्याची रेघ हातभर खाली पाण्यात पांढरी दिसत होती. ती काठावर बसली. हे कसं? काल दुपारपर्यंत निम्मं भरलं. म्हणजे संध्याकाळपर्यंत उरलेल्याचं निम्मं, मग त्याचं निम्मं, मग आणखी त्याचं. चहासारखंच! एवढं तर यायलाच पाहिजे होतं. मग रेघ चुकली कुठं? निम्म्याची किंमत पॉइंट सहा नऊ तीन. आणि काल कागदावर काय उतरवलं होतं? पॉइंट तीन शून्य एक शून्य.

"अगं बाई गं!" तिनं दोन्ही हात कपाळावर मारून घेतले.

पुस्तिकेतला लॉग दहाचा. तो नैसर्गिक करायचा तर दोन पॉइंट तीन शून्य तीननं गुणावं लागतं. हीच ती चूक, जिला तिच्याकडं माफी नव्हती. याच एका चुकीपायी तिनं वर्गातल्या पोरांना बाकावर उभं केलं होतं, पुन्हा पुन्हा लिहायला लावलं होतं. पाठ असलेला आकडा वापरला असता तर चूक झालीच नसती. कुणी पक्षपाती म्हणू नये म्हणून पुस्तिका घेतली, आणि पुस्तिकेनं असा हिसका दाखवला! उत्तर दुपटीहून मोठं. म्हणजे विहीर पास. नुसती पास नाही, गावाला पुरून थोडं उरणारं पाणी. तारामतीचा जीव भांड्यात पडला आणि ती काठावर बसल्या बसल्या पोट धरून हसायला लागली. पारूबाई घाबरली. "भुताखेताचं काय झालं का गं तुला?"

"माय, चुकले! मी लई चुकले!" असं आनंदानं ओरडणारी गणिताची बाई करंजतळ्यानं आजवर पाहिली नव्हती. मग तिला एकदम आठवलं, की औसेकर साहेब सकाळच्या एसटीनं निघणार आहेत, नापासाचा कागद घेऊन.

ती जी पळत सुटली, ती थेट फाट्यावर. एसटी उभी होती, साहेब पायरीवर चढलेले. "उतरा खाली!" तारामती ओरडली. इंजिनियर साहेबांवर असं कुणी ओरडलं नव्हतं, ते निमूट उतरले. तिनं काडी घेतली आणि फुफाट्यात आकडे लिहायला लागली. दम लागलेला, केस पिंजारलेले, पण आकडे कसे सरळ ओळीत. ड्रायव्हर उतरून बघायला आला, कंडक्टर आला, मागची दोन म्हातारी माणसंही आली. साहेबांनी फुफाट्यातला तो दोन पॉइंट तीन शून्य तीन पाहिला आणि त्यांचे कान लाल झाले.

"बाई, काल तपासायचं काम माझं होतं. मीही तुमच्या अक्षरावरच भुललो."

"मग आता बाकावर उभे राहा," तारामती म्हणाली, आणि दोघंही हसत सुटली. कंडक्टर म्हणाला, "सायेब, तुम्ही येताय का ऱ्हाताय, तेवढं सांगा. मला घंटी मारायची हाय." साहेबांनी आपली बॅग उतरवून घेतली. विहिरीची पातळी पुन्हा दोर टाकून मोजली, नवा कागद केला, खाली दोघांच्या सह्या झाल्या. जुना कागद तारामतीनं मागून घेतला आणि पारूबाईनं तो चुलीत घातला.

बातमी गावात पोचायला काय वेळ लागतो! हलगी निघाली. बौद्धवाड्यानं गूळ वाटला. नागप्पा स्वतः विहिरीवर आले, वाकून पाणी बघितलं आणि म्हणाले, "पारूबाई, नळ यायला पावसाळा उलटंल. तवर गावातल्या बायांनी हितं आलं तर चालंल का?" हे विचारताना त्यांचा आवाज जरा खालीच होता. पारूबाई म्हणाली, "पाणी हाय तर या की."

ऊन उतरल्यावर पहिली आली ती नागप्पांचीच बायको तुळजाबाई, कमरेवर घागर घेऊन. वाड्यातल्या बाया बाजूला सरकल्या. तुळजाबाई काठाशी येऊन थांबली. रहाटावर दोर होता, बादली होती, पण तिनं कशालाच हात लावला नाही. इकडं बघितलं, तिकडं बघितलं, आणि घागर पुढं करून म्हणाली, "पारू, तेवढं वतून दे की."

 तारामतीला माहीत होतं, पारूबाई नवी नवरी होती तेव्हा गावाच्या विहिरीच्या काठाखाली अशीच घागर पुढं धरून उभी राहायची. शिवायची परवानगी नव्हती. वरून कुणी ओतलं तर पाणी, नाहीतर ऊन डोक्यावर येईस्तोवर तिष्ठत राहायचं, आणि बऱ्याचदा रिकाम्या घागरीनं परतायचं. आता रहाटावरचा दोर तिच्या मायनं हातात घेतला होता. सगळ्या बाया पारूबाईकडं बघत होत्या.

पारूबाईनं हातातला दोर सोडून दिला.

"म्या न्हाई वतणार, तुळजाक्का," ती म्हणाली.

तुळजाबाईचा चेहरा उतरला. ती घागर मागं घेणार, तेवढ्यात पारूबाईनं तोच दोर पुन्हा उचलला आणि तिच्या पुढ्यात धरला.

"हितं कुणी कुणाला वतत न्हाई. हात लावा, अन् शेंदून घ्या."

 तुळजाबाईनं घागर खाली ठेवली, पदर खोचला आणि दोर हातात घेतला.